पुण्याच्या पेठा, पूर्वेकडून पाहिलेल्या

नागझरीकाठ

पुण्याच्या मध्यवस्तीबद्दल काहीही वाचायला घ्या, ते सदाशिव, नारायण आणि शनिवार या तीन पेठांत सुरू होतं आणि बहुतेक वेळा तिथंच संपतं. वाडे, चौक, कारंजी, पेशवाई, टिळक. हे सगळं मलाही प्रिय आहे. पण मी सोमवारात वाढलो. सोमवार, रास्ता, नाना, भवानी, गणेश, गंज, घोरपडे या पूर्व आणि दक्षिण अंगाच्या पेठा जमेस धरल्याशिवाय हे गाव कसं उभं राहिलं ते कळत नाही, असं माझं ठाम मत आहे. म्हणून हा धागा.

सुरुवात कसब्यापासूनच करावी लागते. १६३० च्या सुमारास मुरार जगदेवानं पुणं जाळून त्यावर गाढवाचा नांगर फिरवला. पुढं जिजाऊ बाळ शिवाजीला घेऊन इथं आल्या, कसबा गणपतीची स्थापना झाली, सोन्याचा फाळ लावलेला नांगर फिरला. ही कथा पुण्यात घरोघरी सांगतात. ५ एप्रिल १६६३ च्या रात्री लाल महालात शाहिस्तेखानावर छापा पडला तेव्हाही पुणं म्हणजे कसबा आणि आजूबाजूच्या काही वस्त्या एवढंच होतं. पण त्या वस्त्या होत्या, हे महत्त्वाचं. आजची सोमवार पेठ तेव्हा शहापूर होती, रविवार मलकापूर, शुक्रवार विसापूर. बुधवारला तर औरंगजेबानं १७०३ मध्ये मुहियाबाद नाव दिलं. पेशव्यांनी ओसाड माळावर शहर वसवलं असं जे सर्रास सांगितलं जातं, ते निम्मंच खरं आहे.

पेशव्यांनी केलं ते वेगळं आणि फार हुशारीचं काम. पेठ वसवायची म्हणजे एखाद्या सरदाराला किंवा कारभाऱ्याला जागा नेमून द्यायची, सरकारातून कौल म्हणजे वसाहतीची लेखी हमी द्यायची, काही वर्षं कर माफ करायचे, बाजाराची व्यवस्था बघणारे शेटे-महाजन नेमायचे आणि बाहेरून व्यापारी-कारागीर बोलावायचे. शुक्रवार पेठ जिवाजीपंत खासगीवाल्यांनी अशीच वसवली. आनंदराव रास्त्यांच्या नावानं रास्ता पेठ झाली, नाना फडणवीसांच्या नावानं नाना पेठ, तिचं आधीचं नाव हनुमान पेठ. पानिपतात पडलेल्या सदाशिवरावभाऊंच्या नावानं सदाशिव पेठ झाली, नारायणरावांच्या नावानं नारायण. यादी पाहिली तर लक्षात येतं की अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात गाव दोन्ही अंगांनी एकाच वेळी वाढत होतं. पश्चिमेला दप्तर आणि दक्षिणा, पूर्वेला घोडदळ, बाजार आणि सावकारी.

सावकारीवरून आमच्या सोमवारातल्या त्रिशुंड गणपतीकडे येतो, कारण तिथं थांबल्याशिवाय मला पुढं जाता येत नाही. १७५४ मध्ये या देवळाचं काम सुरू झालं, बांधणारे भीमगिरजी गोसावी. गोसावी म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढं भिक्षेची झोळी येते, पण पुण्यातले गोसावी मोठे सावकार आणि व्यापारी होते. उत्तरेपर्यंत त्यांच्या पेढ्या आणि हुंड्या चालायच्या. सोमवारात त्यांची वस्तीच होती. त्यांच्या पैशातून उभं राहिलेलं हे देऊळ काळ्या दगडाचं आहे, लहान आहे, आणि दर्शनी भिंतीवर इंच न् इंच कोरलेली आहे. द्वारपाल, हत्ती, माकडं, आणि खालच्या बाजूला चक्क साखळदंडानं बांधलेला गेंडा आणि त्याच्याजवळ बंदुका घेतलेले गोरे शिपाई. गाभाऱ्यात मोरावर बसलेला तीन सोंडांचा गणपती, लेख संस्कृतात आणि फारसीत. तळघरात गोसाव्याची समाधी. पुण्यात अठराव्या शतकातलं एवढं गच्च दगडी कोरीव काम मला दुसरीकडे दिसलेलं नाही, आणि तरी शनिवारवाडा पाहायला येणाऱ्या शंभरातले दोनही इकडे वळत नाहीत. अंतर चालत पंधरा मिनिटांचं.

आता विनंती. ज्यांचं आयुष्य पेठांत गेलं आहे किंवा ज्यांच्या घरातल्या मोठ्यांचं गेलं आहे, त्यांनी आपापल्या आळीबद्दल लिहा. काय धंदा चालायचा, पाणी कुठून यायचं, लोक का गेले, कोण राहिलं. देवांच्या गमतीदार नावांची यादी मात्र नको, ती सगळीकडे आहे.

शनवारातला

धागा आवडला, पण थोडं भांडतो.

पश्चिमेच्या पेठांना महत्त्व मिळालं ते केवळ पेशव्यांमुळे, असा सूर तुमच्या लिखाणात लागतो. शनिवारवाड्याचा पाया १० जानेवारी १७३० ला घातला, १७३२ ला वास्तुशांत झाली. १७ नोव्हेंबर १८१७ ला त्यावर इंग्रजांचं निशाण चढलं आणि १८२८ च्या आगीत आतलं सगळं जळून गेलं. म्हणजे पेशव्यांची सत्ता या वाड्यातून शंभर वर्षंसुद्धा चालली नाही. त्यानंतर दोनशे वर्षं ही वस्ती स्वतःच्या बळावर टिकली, ती शाळा, छापखाने आणि वाचनालयांमुळे.

एक उदाहरण देतो. दुसऱ्या बाजीरावानं हौसेनं बांधलेल्या विश्रामबागवाड्यात इंग्रजांनी १८२१ मध्ये संस्कृत पाठशाळा सुरू केली. १८४८ साली एकट्या बुधवार पेठेच्या परिसरात दोन गोष्टी घडल्या. पुढं पुणे नगर वाचन मंदिर झालेलं ग्रंथालय सुरू झालं, आणि भिडे वाड्यात जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी मुलींची शाळा काढली. १८७९ मध्ये आगीत बुधवारवाडा गेला, विश्रामबागवाड्याचंही नुकसान झालं. १८८० मध्ये न्यू इंग्लिश स्कूल, १८८१ मध्ये केसरी. एवढं सगळं पाव तासात पायी फिरून होईल इतक्या जागेत घडलं. छपाईचे खिळे जुळवणारे, पुस्तकं बांधणारे, मुद्रितं तपासणारे, शाई आणि कागद विकणारे अशी हजारो माणसं त्यावर जगली. अप्पा बळवंत चौकातली पुस्तकांची दुकानं ही त्याचीच आजची खूण. जून महिन्यात तिथं उभं राहायला जागा नसते, ते दृश्य पाहून मला आजही बरं वाटतं.

तेव्हा पूर्वेकडचं जरूर लिहा, पण पश्चिमेला 'दप्तर आणि दक्षिणा' एवढ्यावर संपवू नका.

नागझरीकाठ

शनवारातला, हे मान्य. छापखान्यांचा मुद्दा मोठा आहे, त्यावर सवडीनं अजून लिहा. मात्र भिडे वाड्यातली शाळा पश्चिमेच्या खात्यावर टाकताना ती चालवणारे दांपत्य रोज कुठून चालत यायचं तेही मोजावं लागेल. गंज पेठेतल्या कुणी लिहिलं तर बरं होईल.

कळशी

मी माहेरची तांबट आळीतली. आळी कसबा पेठेत आहे, म्हणजे तुमच्या पूर्व-पश्चिम वादाच्या मधोमध.

आमचे पूर्वज पेशव्यांच्या काळात कोकणातून आले असं घरात सांगतात. तेव्हा भांड्यांबरोबर नाणी पाडणं, तोफा-शस्त्रांचं काम हेही तांबटांकडे होतं. राज्य गेल्यावर भांडी राहिली. हंडा, घागर, कळशी, घंगाळं, तपेलं, आणि आमच्या आळीची खरी शान म्हणजे अंघोळीचं पाणी तापवायचा बंब. तांब्याचा पत्रा कापायचा, वाकवायचा, सांधा द्यायचा, भट्टीत तापवून मऊ करायचा आणि मग मठारायचं. मठारकाम म्हणजे गुळगुळीत तोंडाच्या हातोडीनं शेजारी शेजारी सारख्या जोराचे ठोके देत जायचं. त्यानं पत्रा कडक होतो, भांड्याला पोचे पडत नाहीत आणि प्रत्येक ठोक्याचा खवला उजेडात चमकतो. ठोक्यांच्या ओळी सरळ यायला हात बसावा लागतो, आणि तो लहानपणापासून बसला तरच बसतो. माझे आजोबा बोलत बोलत मठारायचे, नजर दुसरीकडे असायची, ओळ हलायची नाही.

बाहेरच्या माणसाला आळीत आवाज सहन होत नसे. आम्हाला सुट्टीच्या दिवशी शांतता झाली की चुकल्यासारखं वाटायचं. एका घरात पत्र्याचं काम, दुसऱ्या घरात मठारणं, तिसरीकडे उजळणं, असं काम घराघरांत वाटलेलं होतं. त्यामुळे एकानं धंदा सोडला की त्याच्या पुढच्या आणि मागच्या दोघांची अडचण व्हायची. स्टील आणि ॲल्युमिनियम आलं तेव्हा स्वयंपाकघरातली भांडी गेली, गॅसचे गीझर आले तेव्हा बंब गेला. आता दिवे, शोभेच्या वस्तू, हॉटेलांसाठी पेले, पाण्याचे तांबे अशी कामं येतात. मागणी अलीकडे वाढली आहे, खोटं बोलणार नाही. पण मठारणारे हात थोडे उरले आहेत, आणि ज्यांचे आहेत त्यांची मुलं दुसरीकडे नोकरीला आहेत. कुणी लहान वयात येऊन बसायला तयार असेल तरच हे काम पुढच्या पिढीत जाईल. माझ्या भावानं शिकवायची तयारी ठेवली आहे.

पाणाडी

नागझरीकाठ यांनी पाण्याचं विचारलं आहे. माझा जिव्हाळ्याचा विषय, तेव्हा लांबण लागेल.

पेठा वाढल्या त्या कात्रजच्या पाण्यावर. नदी जवळ असली तरी मुठेचं पाणी वर आणणं सोपं नव्हतं, आणि विहिरी एवढ्या वस्तीला पुऱ्या पडल्या नसत्या. नानासाहेब पेशव्यांनी १७४९-५० च्या सुमारास कात्रजला बंधारे घालून तळं बांधायला घेतलं आणि तिथून शनिवारवाड्यापर्यंत जमिनीखालून दगडी नळ आणला. कात्रज उंचावर, शहर सखल, त्यामुळे उतारानं पाणी आपोआप यायचं. त्यात सगळी करामत उताराची आहे. उतार जास्त झाला तर पाणी दगड खात जातं, कमी झाला तर गाळ साचतो. वाटेत ठिकठिकाणी उच्छ्वास बांधले. उच्छ्वास म्हणजे जमिनीवर डोकावणारे दगडी मनोरे, आत कुंडासारखी जागा. तिथं गाळ खाली बसतो, हवा मोकळी होते, आणि माणूस उतरून साफसफाई करू शकतो.

शहरात आल्यावर हे पाणी हौदांत पडायचं आणि तिथून लोक भरायचे. फडके हौद, काळा हौद, बदामी हौद, तुळशीबागेतला हौद. यातल्या काहींची आता फक्त चौकाला दिलेली नावं उरली आहेत. सदाशिव पेठेच्या हौदाला नाना फडणवीसांनी आंबेगावकडून वेगळा नळ आणला, रास्त्यांनी आपल्या पेठेसाठी स्वतंत्र. म्हणजे पेठ वसवणाऱ्यानं आधी पाण्याची सोय करायची, मगच लोक येणार, हा साधा व्यवहार होता. आंबिल ओढ्याचा प्रवाहही याच काळात वळवला. त्यामुळे आज जिथं दाट वस्ती आहे ती जागा मोकळी झाली, आणि पर्वतीच्या पायथ्याशी तळं झालं. सारसबागेच्या गणपतीला 'तळ्यातला गणपती' म्हणतात तो त्यामुळे.

आता जे सांगायचं आहे ते यापुढचं आहे. हौद सार्वजनिक होते म्हणजे सगळ्यांचे होते असं नाही. ज्यांना अस्पृश्य मानलं जाई त्यांना कुणीतरी वरून ओतेल तेवढंच पाणी. १८६८ मध्ये जोतीरावांनी गंज पेठेतल्या आपल्या घरचा हौद त्यांच्यासाठी खुला केला. कात्रजच्या नळाचं कौतुक करताना मी हे मुद्दाम जोडून सांगतो. उताराचा हिशेब ज्या शहरानं इतका चोख केला, त्याच शहराला ही साधी गोष्ट करायला आणखी शंभर-सव्वाशे वर्षं लागली, आणि ती एका माणसाच्या अंगणात झाली.

गंजपेठी

पाणाडी, तुमचे फार आभार. मी त्याच परिसरातला.

गंज म्हणजे कोठार. इथं मिठाचा मोठा बाजार होता. आता पेठेचं अधिकृत नाव महात्मा फुले पेठ आहे, पण रिक्षावाल्याला गंज पेठच सांगावी लागते. फुले वाडा नीट जतन केलेला आहे. तुळशीवृंदावनाशेजारी उभं राहिलं की हौद समोरच दिसतो. २४ सप्टेंबर १८७३ ला सत्यशोधक समाजाची स्थापना झाली तीही पुण्यातच, आणि त्या चळवळीचं घर हेच. लहुजी वस्ताद साळव्यांची तालीम याच भागातली. दांडपट्टा, नेमबाजी शिकायला तिथं सगळ्या जातींची पोरं यायची, फुलेही आले. मुलींच्या शाळेला विरोध झाला तेव्हा संरक्षणाला लहुजींची माणसं उभी राहिली. ज्याला आपण पुण्याची विद्येची परंपरा म्हणतो, तिच्यातला एक मोठा भाग अशा आखाड्यांच्या आधारानं उभा आहे.

शेजारीच मोमीनपुरा. मोमीन म्हणजे विणकर. पुण्याच्या लुगड्यांना नाव होतं तेव्हा साळी, कोष्टी आणि मोमीन हे तिघं मिळून तो धंदा चालवत. माग कधीच गेले. रमजानमध्ये रात्री इथल्या गल्ल्यांत जी खाण्याची गर्दी होते तिच्यात आता सगळ्या शहरातली माणसं दिसतात.

आणि वारीबद्दल कुणीच लिहिलं नाही अजून! ज्ञानोबांची आणि तुकोबांची, दोन्ही पालख्या पुण्यात मुक्कामाला असतात. कुठं? माउलींची पालखी भवानी पेठेतल्या पालखी विठोबा मंदिरात, तुकोबांची नाना पेठेतल्या निवडुंग्या विठोबात. दोन्ही देवळं पूर्वेकडच्या पेठांत. त्या दिवसांत भवानी पेठेत जे होतं ते एकदा तरी येऊन बघा. हमाल, भंगारवाले, लाकडाच्या वखारीतले कामगार, किराणा व्यापारी, मशिदीतले लोक, सगळे पाणी, चहा, जेवण घेऊन रस्त्यावर. चांभार चपला शिवून देतात, न्हावी दाढी करून देतात, पैसे घेत नाहीत. आमच्या घरी दरवर्षी एकाच दिंडीतली माणसं उतरतात. आजोबांच्या वेळेपासून हे चाललं आहे, त्यांच्यातलीही आता नातवंडं येतात.

रुई

गंजपेठी, वाचताना भरून आलं.

मंडईची भर घालते. आधी भाजीबाजार शनिवारवाड्यासमोरच्या मैदानात भरायचा. आजची मंडईची इमारत १८८६ मध्ये सुरू झाली, गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावानं. मधोमध अष्टकोनी मनोरा आणि त्यातून आठ दिशांना फुटलेल्या भुजा, त्यामुळे कुठूनही शिरलं तरी मध्यावर येता येतं, आणि उंच छपरामुळे एप्रिलमध्येही आत गार असतं. जोतीराव नगरपालिकेचे सदस्य होते तेव्हा त्यांनी या इमारतीवरच्या खर्चाला विरोध केला होता, तो पैसा शिक्षणावर खर्च करा असं त्यांचं म्हणणं. पुढं आचार्य अत्र्यांच्या पुढाकारानं त्याच मंडईला त्यांचं नाव दिलं गेलं. माझ्या मते ते योग्यच झालं, कारण तिथं गाळ्यावर बसणाऱ्या बायका ज्या समाजातून आल्या त्यांच्यासाठीच ते झगडले.

माझ्या सासूबाईंच्या बहिणीचा तिथं गाळा होता. पहाटे माल उतरवून घ्यायचा, दुपारपर्यंत विकायचा, उरलेला संध्याकाळी वाटे लावून. घाऊक बाजार गुलटेकडीच्या मार्केट यार्डात गेला तेव्हा मंडई संपली असं सगळे म्हणाले होते. संपली नाही. घाऊक गेलं, किरकोळ राहिलं. सप्टेंबर २०२४ पासून खाली मेट्रोचं स्टेशन आहे. पिंपरी-चिंचवडहून माणसं गाडी न आणता थेट मंडईत उतरतात, तुळशीबागेत खरेदी करतात आणि परत जातात. बोगदा खोदताना जुन्या वाड्यांना तडे जातील अशी भीती होती, आमच्या चाळीतही होती. आता मात्र मला वाटतं की पेठांना वाचवायचं असेल तर चारचाकी बाहेर ठेवून माणसं आत आणणारं हे एकच साधन आहे.

मुठाकाठ

लोक का गेले या प्रश्नाला माझ्या घरापुरतं उत्तर एका तारखेत आहे. १२ जुलै १९६१.

आमचा वाडा नारायण पेठेत नदीकडच्या बाजूला होता. पानशेतचं धरण अजून पुरतं बांधून व्हायचं होतं. आदल्या रात्री लष्कराच्या जवानांनी वाळूची पोती रचून ते धरून ठेवलं, म्हणून ते रात्री न फुटता दिवसा फुटलं आणि हजारो जीव वाचले. मग खडकवासलाही फुटलं. आजी सांगायची, पाणी गल्लीतून चढत आलं तेव्हा आधी कुणाला पटलंच नाही. माणसं पोरांना उचलून लक्ष्मी रोडच्या दिशेनं, उंचाकडे पळाली. मातीच्या भिंती भिजून बसल्या. पाणी ओसरल्यावर वाड्याच्या जागी लाकडं आणि चिखल होता. दप्तर, ग्रंथ, दागिने, धान्य, काही राहिलं नाही.

नंतरचं फार कमी लोक सांगतात. धरणं गेल्यामुळे शहराचा नळच बंद झाला. तेव्हा लोक पुन्हा वाड्यांतल्या विहिरींवर आणि पेशव्यांच्या जुन्या हौदांवर गेले. आजी तिच्या माहेरी शुक्रवारात राहिली आणि हौदावरून पाणी भरायची. पाणाडींचा प्रतिसाद वाचताना तेच आठवलं.

पूरग्रस्तांना गोखलेनगर, सहकारनगर अशा ठिकाणी घरं मिळाली. तिथून नारायण पेठेत कुणी परत आलं नाही. नदीकाठच्या कितीतरी गल्ल्यांची शेजारपाजाराची वीण त्या एका दिवसात तुटली.

सांधेवाला

प्लेगचाही उल्लेख हवा. १८९७ च्या साथीत घरझडत्या झाल्या, गोरे शिपाई वाड्यांत माजघरापर्यंत शिरले, लोक गावाबाहेर झोपड्या बांधून राहिले. २२ जून १८९७ ला प्लेग अधिकारी रँडवर गोळ्या झाडल्या गेल्या हे सगळ्यांना ठाऊक आहे. पण दाट वस्तीत राहणं धोक्याचं आहे ही समजूत तेव्हा घट्ट झाली, आणि ज्यांना शक्य होतं ते नदीपलीकडे मोकळ्या जागांकडे बघू लागले. पानशेतनं त्याला जोराचा धक्का दिला एवढंच.

शनवारातला

मुठाकाठ, फार मोलाचं लिहिलंत.

उरलेले का जातात ते मी सांगतो, कारण आम्ही त्याच पेचात आहोत. आमचं घर शनिवारवाड्यापासून शंभर मीटरच्या आत येतं. २०१० च्या कायदादुरुस्तीनंतर संरक्षित स्मारकाभोवतीच्या शंभर मीटरमध्ये नव्या बांधकामाला बंदी आहे. वाडा जपलाच पाहिजे, त्याच्या सावलीत मी लहानाचा मोठा झालो. पण आमच्या घराचे वासे वाळवीनं खाल्ले आहेत, एक भिंत टेकूवर आहे. दुरुस्तीला परवानगी मिळते, पाडून बांधायला नाही. माती-लाकडाच्या घराची दुरुस्ती किती वेळा करणार? दर पावसाळ्यात धोकादायक इमारतीची नोटीस येते. एकीकडून सांगतात रिकामं करा, दुसरीकडून सांगतात बांधू नका. आई म्हणते, जायचं तर कुठं? तिची देवळं, वाणी, डॉक्टर, मैत्रिणी सगळं या चार गल्ल्यांत आहे.

पाडबांध

मी याच कामात आहे, म्हणून शंभर मीटरच्या बाहेरच्या वाड्यांचं सांगतो.

वाडा पडतो तो बहुतेक वेळा भाडेकरू आणि मालक या दोघांच्या मध्ये अडकून. भाडं पन्नास-साठ वर्षांपूर्वी गोठलेलं, त्यातून मालकाला छप्परही शाकारता येत नाही. भाडेकरूचा हक्क कायद्यानं पक्का, आणि तो असायलाही हवा, कारण तो गेला तर शहराबाहेर फेकला जाईल. मालकीत चार भाऊ, त्यांची मुलं, एखादी आत्या, सगळ्यांच्या सह्या हव्यात. त्यात जमिनीचा आकार. पेठेतले प्लॉट अरुंद आणि खोल. नियमाप्रमाणे बाजूनं जागा सोडायला गेलं तर मधे जिन्यापुरतीच जागा उरते. म्हणून मग दोन-तीन वाडे एकत्र आले तरच इमारत उभी राहते, आणि एकत्र आले की खाली दुकानं, वर फ्लॅट, तळमजल्यावर गाड्या. चौक जातो, विहीर बुजते.

मला स्वतःला सगळ्यात खटकतं ते विहीर बुजवणं. घर जुनं झालं की पाडावं लागतं, पण विहीर ठेवता येते. मी केलेल्या कामांत जिथं मालकांनी ऐकलं तिथं ठेवली आहे, वर जाळी टाकून. सोसायटी तेच पाणी वापरते, उन्हाळ्यात टँकर लागत नाही.

पाणाडी

पाडबांध, यासाठी तुम्हाला नमस्कार. ही गोष्ट शक्य तितक्या बिल्डरांना सांगा. शक्य असेल तिथं पावसाच्या पाण्याच्या पुनर्भरणाचा पाइप त्याच विहिरीत सोडा.

दूरगावी

मी नागपूरची, नोकरीसाठी पुण्यात आले, राहते हिंजवडीकडे. पेठांत आतापर्यंत फक्त तुळशीबाग आणि दगडूशेठ गणपती एवढंच झालं आहे. हा धागा वाचून पूर्वेकडच्या पेठा बघाव्याशा वाटतात. कुठून सुरुवात करू? आणि कळशीताई, तांबट आळीत नुसतं बघायला आलं तर चालतं का?

कळशी

चालतं की! सकाळी दहानंतर या. काम चालू असताना फोटोआधी विचारा एवढंच, आणि भट्टीपासून लांब उभ्या राहा. काही घ्यायचं असेल तर दुकानापेक्षा करणाऱ्याकडूनच घ्या.

नागझरीकाठ

दूरगावी, सकाळी लवकर निघा. मेट्रोनं कसबा पेठ स्टेशनला उतरा, ते फडके हौदाजवळ आहे. तिथून आधी सोमवारात त्रिशुंड गणपतीला जा. दर्शनी भिंत निवांत बघा, गेंडा शोधा. तळघर एरवी बंद असतं, गुरुपौर्णिमेला उघडतात. जवळच नागेश्वराचं जुनं देऊळ आहे. मग दारूवाला पुलावरून नागझरी ओलांडा. खाली बघाल तर आता नाला दिसेल, तरी थांबा, कारण गावाची एकेकाळची पूर्वेची हद्द हीच. तिथून कसब्यात शिरून तांबट आळी, पुढं रविवारात बोहरी आळी. खिळ्यापासून दोरखंडापर्यंत जे मागाल ते मिळतं, दुकानदाराला काम सांगितलं तर कोणती वस्तू लागेल तेही तोच सांगतो. मग गणेश पेठेतून गंज पेठेत फुले वाडा. तिथं तासभर ठेवा. पाय चालत असतील तर भवानी पेठेत पालखी विठोबापर्यंत जा, लाकडाच्या वखारी वाटेतच लागतात.

आणि आषाढात पालख्या येतील त्या दिवशी पुन्हा या. गंजपेठी, यांना तुमच्या घराजवळ उभं राहायला जागा मिळेल का?

गंजपेठी

मिळेल, आणि दिंडी जेवायला बसते तेव्हा वाढायला माणसं कमीच पडतात. दूरगावी, निरोप टाकून ठेवा.